ठोकळ्यांच्या गावातला मुराळी

माझ्या ताईच्या लग्नात अण्णांचं नाव माईकवर पुकारायचं राहून गेलं. झालं एवढंच होतं. पण पुढे सात-आठ महिने आमच्या घरात जे काही चाललं ते सगळं तिथूनच सुरू झालं, म्हणून आधी ते सांगते.

आमच्याकडे लग्नात मानाचे टॉवेल-टोपी होतात. एक जण माईक धरून एकेक नाव पुकारतो. पुकारलेला माणूस "अहो कशाला, कशाला" म्हणत चांगल्या लगबगीनं पुढे जातो. मग व्याही त्याच्या डोक्यावर पांढरी टोपी ठेवतात आणि खांद्यावर टॉवेल टाकतात. ती टोपी सहसा कुणाला बसत नाही आणि त्या टॉवेलनं कधी पाणी टिपलं जात नाही. तरी नाव पुकारलं गेलं की नाही, हे माणूस जन्मभर विसरत नाही. ताईच्या लग्नात माईक मुलाच्या एका चुलत्याच्या हातात होता. त्यानं मुलीचे मामा पुकारले, काका पुकारले, आमच्या शेजारचे मास्तर पुकारले, अगदी मांडववाल्यालाही पुकारलं. मुलीचा बाप तेवढा राहिला. अण्णा पहिल्या रांगेत सदरा सारखा करून, केसांवरून हात फिरवून तयार बसले होते. मी त्यांच्या मागेच उभी होते. माईक बंद झाल्यावर त्यांनी पुन्हा एकदा केसांवरून हात फिरवला, तो मला अजून दिसतो.

अण्णा अंबडच्या कोर्टात नाझर होते. निवृत्त होऊन वर्षही झालं नव्हतं. तीस वर्षं त्यांनी रोज दाराशी शिपाई पुकारा करतो तो ऐकलेला होता. त्यांच्या लेखी ज्याचा पुकारा झाला नाही तो माणूस हजरच नव्हता. ताईची पाठवणी झाली, सगळे रडले, आणि डोळे पुसता पुसता अण्णा आईला म्हणाले, "त्या घराचा उंबरा मी चढणार न्हाई. बिलकुल न्हाई."

आईला वाटलं, आठ दिवसांत राग निवळेल. मलाही तसंच वाटलं. आमच्या घरात राग फार काळ टिकू शकतो हे आम्हा दोघींना चांगलं माहीत असूनही वाटलं.

ताईचं सासर जुन्या जालन्यात, धान्याच्या अडतींच्या मागच्या एका बोळात. अंबडहून एसटीनं पाऊण-एक तास. घर वर आणि खाली दाजींचं लग्नपत्रिका छापायचं दुकान. ताईला कॉम्प्युटर येत होता, म्हणून पत्रिका जुळवायचं काम तिच्याकडे आलं. दुसऱ्यांच्या पत्रिकेत कुणाचं नाव राहून जाऊ नये म्हणून ती तीन-तीनदा तपासायची. दाजी तिला त्यावरून चिडवायचे. ती हसायची नाही.

लग्नानंतरचं रीतीचं येणं-जाणं झालं आणि मग तिचं येणं थांबलं. कारण सरळ होतं. आमच्याकडे सासरी गेलेल्या मुलीला सणाला माहेरी न्यायला माहेरचा माणूस जातो. तो मुराळी. बाप, भाऊ, चुलता, कुणीतरी. आम्हाला भाऊ नव्हता. चुलत्याला पाठवू म्हटलं तर अण्णा म्हणाले, "माझ्या घरचा माणूस त्या घरी जाणार न्हाई." दाजी बिचारे म्हणाले, मीच मोटरसायकलवर आणून सोडतो. त्याला ताईच्या सासूबाईंची हरकत होती की नव्हती ते सोडा, ताईचीच होती. "पहिली पंचमी हाय माझी. अण्णा न्यायला आले तर येईन, न्हाईतर न्हाई." फोनवर तिचा तो आवाज ऐकला आणि मला वाटलं, ही पोरगी अण्णांची आहे यात काही शंका नाही.

फोन होता, हे खरं आहे. आईच्या मोबाइलवर ती दर दोन दिवसांनी बोलायची. पण फोनवर काय बोलणार? जेवलीस का, जेवले. पाऊस आहे का, नाही. शिवाय तिच्याकडे फोनजवळ कुणी ना कुणी असायचंच आणि आमच्याकडे अण्णा पेपर उलटा धरून बसलेले असायचे. पाच मिनिटांत बोलणं संपायचं आणि मग दोन्हीकडून नुसतं "बरं, बरं" चालायचं. मला ती नुसती बोलायला नको होती. ती माझ्याबरोबर घरात हिंडायला हवी होती.

त्या वर्षी मी अंबडच्याच कॉलेजात सकाळच्या वेळी कॉम्प्युटर शिकत होते आणि घरी अण्णांच्या निवृत्तीनंतर घेतलेला एक कॉम्प्युटर होता. माझ्या वर्गातल्या एका मैत्रिणीनं मला एक खेळ दाखवला. सगळं जग ठोकळ्यांचं. माती ठोकळ्यांची, झाडं ठोकळ्यांची, पाणीसुद्धा चौकोनी. त्यात जिंकायचं काही नव्हतं आणि मरायचंही नव्हतं. एकेक ठोकळा ठेवायचा आणि बांधत सुटायचं. मैत्रिणीच्या चुलतभावानं औरंगाबादच्या वसतिगृहातून असं एक जग चालू ठेवलं होतं आणि आम्ही दहा-बारा जण आपापल्या घरून त्यात शिरायचो.

मला त्यातलं बांधकाम आवडलं, पण वेड लावलं ते एका आज्ञेनं. ते जग तसं मोठं होतं. या टोकावरून त्या टोकाला चालत जायला बराच वेळ लागायचा. पण एक तिरकी रेघ मारून टी आणि पी ही दोन अक्षरं लिहायची, पुढे मैत्रिणीचं नाव लिहायचं आणि बटण दाबायचं, की झालं. डोळ्याचं पातं लवायच्या आत तुम्ही तिच्यापाशी. गाडी नाही, थांबा नाही, सुट्ट्या पैशांवरून कंडक्टरची कटकट नाही. पहिले आठ दिवस आम्ही बांधलं काहीच नाही. नुसत्या एकमेकींकडे जात होतो.

त्यात एक गंमत होती. तुम्ही जिच्याकडे गेलात तिच्या शेजारी पोचत नव्हता. ती जिथं उभी आहे नेमके त्याच जागेवर पोचत होता. दोघी एकीत एक. त्यामुळे पोचल्यावर ती दिसतच नसे. एक पाऊल मागे घ्यायचं, मग समोर ती उभी. पहिल्यांदा मी पाच मिनिटं शोधत फिरले होते आणि मैत्रीण तिकडे हसून हसून बेजार झाली होती.

हा खेळ मी ताईला फोनवर शिकवला. दुपारी दाजी जेवून पडायचे, दुकानाचं शटर अर्धं खाली असायचं आणि कॉम्प्युटर मोकळा असायचा. अडचण होती ती लोडशेडिंगची. जालन्याची लाइट जायची ती वेळ निराळी, अंबडची निराळी. दोन्हीकडे एकदम लाइट असायची ती दुपारी एक ते अडीच. तेवढा दीड तास आमचा.

खेळात शिरताना एक नाव घ्यावं लागायचं, ते डोक्यावर तरंगत राहायचं. मी कुठलं तरी चटपटीत नाव घेतलं होतं. ताईनं इंग्रजी अक्षरांत "अंबड" असं लिहिलं. नावाखाली आम्हा सगळ्या पोरींचा अवतार मात्र एकच होता, निळी विजार घातलेला एक चौकोनी बाप्या. ताईनं स्वतःला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा लिहिलं, "अगं बया, मला दाढी हाय." लग्नानंतर ती हसल्याचं मला कळलं ते त्या दिवशी.

मग आम्ही आमचं घर बांधलं. पायऱ्या, पडवी, मागचं अंगण. ताईला सगळं माझ्यापेक्षा जास्त आठवत होतं. खिडकी किती उंचीवर, रांजण कुठल्या कोपऱ्यात, सगळं. मागे तिनं गावातल्या देवीचा डोंगर केला, खरा आहे तसाच माशाच्या आकाराचा. आठ दुपारी ती एकटी मातीचे ठोकळे रचत होती. बऱ्याच अंतरावर तिनं दुसरं एक घर बांधलं, बोळातलं, वर राहतं घर आणि खाली दुकान. एक माहेर आणि एक सासर. मधल्या मोकळ्या रानातून आम्ही रस्ता काढला. वाटेतलं गोलापांगरी गाव म्हणून चार झोपड्या केल्या, दुधना नदीचा पूल केला.

माझं बांधकाम बघून त्या जगाच्या मालकानं मला वरचा दर्जा दिला. म्हणजे आता मला दुसऱ्याकडे जाता येत होतं, त्याशिवाय दुसऱ्याला आपल्याकडे ओढून आणताही येत होतं. साध्या खेळाडूंना तो अधिकार नसे. मला कोण आनंद झाला. दुसऱ्याच दुपारी ताई तिच्या सासरच्या गच्चीवर काहीतरी करत होती, मी आज्ञा लिहिली आणि तिला एकदम आमच्या अंगणात आणून उभी केली. "बघ," मी लिहिलं, "कशी आणली माहेरी! ना मुराळी ना गाडी!"

 मग तिनं वळून चालायला सुरुवात केली. पूल ओलांडून, गोलापांगरीवरून, ते सगळं रान तुडवत ती परत सासरी गेली आणि मग तिचे शब्द उमटले. "मला असं ओढून आणू नको. मी काय शेळी हाय का? न्यायला ये."

मला राग आला. मी एवढं केलं त्याचं काहीच नाही, वर शेळी! मी त्या दुपारी खेळ बंद करून टाकला आणि आईवर विनाकारण डाफरले. पण भांडी घासताना, रागाच्या भरात मी नेहमी भांडी घासते, मला तिचं म्हणणं कळलं. येणं हा त्यातला अर्धाच भाग होता. कुणीतरी आपल्यासाठी वाट तुडवून आलं, दाराशी उभं राहिलं, चार माणसांदेखत म्हणालं की आमच्या मुलीला न्यायला आलो, हा दुसरा अर्धा. तो मी खाऊन टाकला होता. मला फार वाईट वाटलं.

दुसऱ्या दिवशी मी नीट गेले. म्हणजे आधी आज्ञा लिहून तिच्यापाशी पोचले, पण मग तिच्या दाराबाहेर जाऊन उभी राहिले आणि लिहिलं, "राम राम. बाईला न्यायला आलो." ती म्हणाली, "बसा. पाणी घ्या." मी बसले, म्हणजे नुसतीच उभी राहिले, कारण त्या खेळात बसता येत नसे. तिनं घरची खुशाली विचारली, मी सांगितली. मग आम्ही निघालो, आणि जाताना उडी मारून पोचायचं नाही, चालत जायचं, असं तिनं बजावलं. मुराळ्याबरोबर येताना रस्ता लवकर संपून चालत नाही, असं तिचं म्हणणं. पुलावर थांबायचं. आता घाट आला म्हणायचं, जरी त्या रस्त्याला कधी घाट नव्हता. मग रोज दुपारी तोच खेळ होऊन बसला. मी रोज मुराळी, ती रोज माहेरवाशीण. अडीच वाजता लाइट जायची आणि ती अंगणातून पुसली जायची.

अण्णा हे सगळं बघत होते. ते बाजेवर पडायचे ते माझ्या पाठीमागेच. झोपलेत असं मी धरून चालले होते. एक दिवस मी लिंबाला झोका बांधत होते, म्हणजे लाकडाचे ठोकळे लोंबते दिसतील असे रचत होते, तेव्हा मागून आवाज आला.

"त्या फांदीला न्हाई. रस्त्याकडच्या फांदीला होता झोका."

मी वळून बघितलं. अण्णा उठून बसले होते आणि चष्मा लावलेला होता.

"तुम्हाला काय माहीत?"

"बांधला कोण? मीच बांधल्ता." ते खुर्चीजवळ आले. "अन् ही कोण उभी हाय तुझ्याजवळ?"

"ताई आहे ती."

त्यांनी त्या निळ्या विजारीकडे आणि दाढीकडे बराच वेळ पाहिलं. "ही आपली पोरगी?" म्हणाले, आणि मग वरचं नाव एकेक अक्षर लावून वाचलं. अंबड. मग परत बाजेवर जाऊन पडले. पण दुसऱ्या दिवसापासून एकच्या ठोक्याला ते बाजेवर न पडता माझ्या मागे स्टूल घेऊन बसू लागले. मी ताईला सांगितलं नाही. सांगितलं असतं तर ती खेळायचीच बंद झाली असती, अशी मला भीती होती.

पंचमी तीन दिवसांवर आली. आईनं लाह्या आणल्या, मेंदीचा कोन आणला, आणि अण्णांसमोर सगळं आपटून आपटून ठेवलं. त्यांनी तिकडे बघितलं नाही. एक वाजता मी खेळ लावला तेव्हा ते स्टुलावरून म्हणाले, "ह्या तिच्या सासरच्या घराला उंबरा हाय का?"

मी पाहिलं. "नाही. तिनं केलेला नाही."

"बराबर बघ."

"नाही अण्णा. दार आहे, उंबरा नाही."

"मंग माझा शब्द मोडत न्हाई," ते म्हणाले. "ऊठ. कसं जायाचं ते सांग."

मला हसू येत होतं. मी त्यांना खुर्चीत बसवलं. त्यांनी एका बोटानं तिरकी रेघ मारली. टी शोधला, पी शोधला. मग आपल्या लेकीचं नाव म्हणून आपल्याच गावाची अक्षरं एकेक करून दाबली, आणि मी सांगितल्यावर बटण दाबलं.

"गेलो का?"

"गेलात."

"कुठाय ती? दिसून न्हाई राह्यली."

"तुम्ही तिच्याच जागेवर उभे आहात. जरा मागं सरका."

मी कोणती कळ ते दाखवलं. अण्णांनी ती अगदी जपून, एकदाच दाबली. मागे सरकले, आणि समोर ताई.

ताईला वाटलं, मीच आहे. तिनं लिहायला सुरुवात केली आणि अण्णा पुटपुटत वाचू लागले. "आलीस का मुराळी. बस, पाणी घे." मग, "आज आत्याबाईनं विचारलं, मुराळी कधी येणार. मी म्हणलं, येतील." आत्याबाई म्हणजे तिच्या सासूबाई.  मग, "पिशवी आखाडातच भरून ठेवलीय. अण्णांना सांगू नको."

अण्णांनी हे दोनदा वाचलं. चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. मी म्हटलं, मी लिहू का? त्यांनी मान हलवली आणि स्वतःच अक्षरं शोधायला लागले. किती वेळ लागला कोण जाणे. पडद्यावर उमटलं ते हे, "मी अण्णा. बाईला न्यायला आलो." माझंच रोजचं वाक्य. ऐकून, वाचून त्यांना पाठ झालेलं.

ताई हलली नाही. उत्तर आलं नाही. तिचा तो चौकोनी बाप्या आमच्याकडे तोंड करून उभा होता. एक मिनिट गेलं, पाच मिनिटं गेली. अण्णा खुर्चीत ताठ बसून होते, हात मांडीवर. दहा मिनिटं झाली असतील. मग आमची लाइट गेली. त्या दिवशी वेळेच्या आधीच गेली. पडदा काळा झाला.

मी लगेच ताईला फोन लावला. दोनदा वाजून वाजून बंद झाला. तिसऱ्यांदा लावताना अण्णांनी माझ्या हातावर हात ठेवला.

"राहू दे. उत्तर न देणं हेबी उत्तरच असतंय. तिनं काय म्हणायचं ते म्हणलं."

"तुम्ही जा अण्णा, खरंच जा. आत्ता गाडी आहे."

"आता कोणत्या तोंडानं जाऊ?" ते म्हणाले. इतका पडलेला त्यांचा आवाज मी कधी ऐकला नव्हता. आठ महिने ते रागावलेले होते तेव्हा मी त्यांच्यावर चिडून असायचे. आता राग गेला होता आणि त्याच्या जागी भीती बसली होती, ती मला बघवेना.

पंचमीच्या आदल्या दिवशी सकाळी मी चांगला ड्रेस घातला, आईकडून लाह्यांची पुडी घेतली आणि अण्णांसमोर उभी राहिले. "मी जाते मुराळी म्हणून," मी म्हणाले. "तुमच्या घरचा माणूस जाणार नाही म्हणालात. मी पोरगी आहे. माझ्याबद्दल तुम्ही काही बोलला नव्हता." कोर्टातल्या माणसाच्या घरात वाढल्याचा एवढा तरी उपयोग व्हायलाच हवा. अण्णांनी माझ्याकडे पाहिलं. "जल्दी जा," म्हणाले. "नऊची गाडी भरून जाती."

जालन्यात बोळाच्या तोंडाशी रिक्षातून उतरले तेव्हा माझा सगळा आव गळाला होता. दार ताईच्या सासूबाईंनी उघडलं.

"तू होय! एकलीच आलीस? ये, ये."

"एकटी नाही मावशी. मुराळी आलाय. बाईला न्यायला."

त्यांनी माझ्या खांद्यावरून बोळात पाहिलं. उजवीकडे पाहिलं, डावीकडे पाहिलं. "कुठाय?"

"मीच."

"पोरगी मुराळी म्हणून आलेली मी तर कवा बघितली न्हाई."

"मग आज बघा." तोंडातून गेलं आणि मी जीभ चावली.

त्या आत निघून गेल्या. मी उंबऱ्याच्या बाहेर उभी. आता नाही म्हणणार, हे मनात पक्कं झालं. पण त्या तांब्या घेऊन बाहेर आल्या. "पाय धू," म्हणाल्या. "मुराळ्यानं पाय धुतल्याबिगर आत यायचं न्हाई." मी पाय धुतले. त्यांनी मला कुंकू लावलं, पाटावर बसवलं, पोहे दिले. मग कपाट उघडून वरच्या कप्प्यातून घडी केलेला टॉवेल काढला. त्यावर एक पांढरी टोपी होती, लग्नातली.

"ही तुझ्या अण्णाची," त्या म्हणाल्या. "लग्नाहून घरी येऊन बघितलं तर एक टोपी उरल्ती. तवाच कळलं कुणाची राह्यली ते. जीव नुसता शरमून गेल्ता माझा. पाठवावी म्हणलं, पण टोपी काय कुणाच्याबी हाती धाडायची चीज हाय का? न्यायला येतील तवा चार माणसांत घालू म्हणून ठेवली. ते आलेच न्हाईत."

ते उंबरा चढणार नव्हते आणि टोपी उंबऱ्याच्या आत वाट बघत होती.  मावशींनी ती टोपी माझ्या डोक्यावर ठेवली, वेणीवरच. "घरला जाईस्तोवर तू घाल. रीत ती रीत."

ताई जिन्यात उभी राहून हे बघत होती. तिचा चेहरा गोरामोरा झालेला. मला वाटलं, धावत येईल. ती जवळ येऊन दबल्या आवाजात म्हणाली, "परवा अण्णांच्या नावानं असली थट्टा करायची न्हाई. खेळ झाला म्हणून काय झालं? मी तुझा फोनबी मुद्दामच घेतला न्हाई."

"थट्टा नव्हती ती," मी म्हणाले. "अण्णाच होते. एका बोटानं लिहीत होते. मग आमची लाइट गेली."

ती तिथंच जिन्याच्या पायरीवर बसली.  मग उठली आणि आतून पिशवी घेऊन आली. भरलेलीच होती.

एसटीत ती खिडकीशी बसली. गोलापांगरी आली, पूल आला.  मी टोपी काढून पिशवीत ठेवू लागले तर ती म्हणाली, "राहू दे की." मग अंबडच्या स्टँडपर्यंत मी टोपी घालून बसले आणि कंडक्टरनं दोनदा वळून बघितलं.

अण्णा अंगणातल्या लिंबाखाली होते. झोका बांधून झाला होता, रस्त्याकडच्या फांदीला. ताईनं वाकून नमस्कार केला, त्यांनी "बस" म्हटलं. मी टोपी आणि टॉवेल त्यांच्या हातात दिला, मावशींचं बोलणं शब्द न गाळता सांगितलं. ते ऐकत टोपीची घडी उघडत होते, पुन्हा घालत होते. आई आतून पाणी घेऊन आली आणि सगळ्यांकडे बघून तशीच उभी राहिली.

मग अण्णांनी ताईला विचारलं. तिच्याकडे न बघता, दोरीची गाठ चाचपत. "परवा तू जवाब दिला न्हाई. माझा राग आल्ता ना?"

"न्हाई अण्णा," ताई म्हणाली. "दार उघडायला गेल्ते."

अण्णा वळले.

"तुम्ही लिहिलं न्यायला आलो, अन् मी उठून पळाले. शटर वर केलं. बोळात कुणीच नव्हतं. मंग कोपऱ्यापोतर जाऊन बघून आले, म्हणलं चुकले असतील, तुम्ही आमचं घर कुठं बघितलंय. परत आत येईस्तोवर पडद्यावर कुणी नव्हतं."

अण्णा आत गेले, आणि बाहेर आले तेव्हा डोक्यावर टोपी होती. घट्ट होत होती, कानांच्या बरीच वर बसली होती. त्यांनी भिंतीकडे बघत विचारलं, जालन्याला जायला सकाळची पहिली गाडी कितीला आहे? ताईला पोचवायला ते स्वतः जाणार होते.

"अहो, तिला येऊन अजून घटकाबी झाली न्हाई," आई म्हणाली. "आधी तिला पाणी तरी पिऊ द्या."